तडजोड झाली? अपील नुसते काढून घेऊ नका

समजा, मखमलाबादच्या एका बागायतदाराने द्राक्षांच्या थकलेल्या पैशांसाठी व्यापाऱ्यावर दावा लावून नऊ लाखांचा हुकूमनामा (कोर्टाच्या निकालाचा आदेश) मिळवला. व्यापारी नाशिकच्या जिल्हा न्यायालयात अपिलात गेला. मग दोन्हीकडची जाणती माणसे बसली आणि सहा लाखांवर विषय मिटला.

आता व्यापाऱ्याने ‘अपील चालवायचे नाही’ एवढीच पुरशिस (कोर्टाला द्यायचे लेखी निवेदन) दिली, तर तो अडचणीत येईल. अपील मागे घेतले की वसुलीवर मिळालेली स्थगिती संपते आणि खालच्या कोर्टाचा नऊ लाखांचा हुकूमनामा कायम होतो. कोर्टाबाहेर दिलेल्या पैशांची नोंद झालेली नसेल, तर दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) चालवणारे कोर्ट ते पैसे धरत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१, नियम २ मध्ये हे स्पष्ट लिहिले आहे. म्हणून अपील काढून घेण्यापेक्षा तडजोडीप्रमाणे निकाली काढून घ्यावे.

त्यासाठी आधी तडजोड कागदावर आणा. आदेश २३, नियम ३ नुसार ती लेखी आणि पक्षकारांच्या सह्यांची लागते. रक्कम किती, कोणत्या तारखेला, चेकने की डीडीने, हप्ता चुकला तर काय, खर्च कोणाचा, हे सगळे लिहा. ‘बाकीचे आपसात बघू’ हे वाक्य तडजोडपत्रात नको. पुढची भांडणे तिथूनच निघतात. जमिनीचा वाद असेल तर गट नंबर, क्षेत्र आणि चतुःसीमा सातबाऱ्याशी ताडून घ्या. दाव्याबाहेरची मिळकत तडजोडीत आणली तर नोंदणीचा प्रश्न येतो, तेव्हा मुद्रांक आणि नोंदणीबद्दल वकिलांना आधीच विचारा.

एखादा वारस अज्ञान (अठरा वर्षांखालील) असेल तर पालकाची सही पुरत नाही, कोर्टाची परवानगी घ्यावी लागते. समोरच्याने अपिलात उलट हरकत (त्याच निकालाविरुद्ध स्वतःची तक्रार) घेतली असेल तर तीही मिटल्याचे लिहून घ्या. नाहीतर तुमचे अपील गेले तरी ती चालू शकते.

मग दोन्ही वकिलांमार्फत तडजोड पुरशिस दाखल करा. तारखेला आधारकार्ड घेऊन स्वतः नाशिकच्या सीबीएस बसस्थानकाजवळच्या कोर्टात हजर राहा. न्यायाधीश विचारतील: मजकूर वाचला का, मान्य आहे का, कोणाचा दबाव आहे का? खरे ते सांगा. एकदा तडजोडीचा हुकूमनामा झाला की त्यावर पुन्हा अपील करता येत नाही.

लोकअदालतीची तारीख जवळ असेल तर प्रकरण तिथे ठेवायला सांगा. तिथल्या निवाड्याला हुकूमनाम्याचेच बळ असते आणि कोर्ट फीही परत मिळते.

निकालानंतर सही-शिक्क्याची नक्कल काढा. दरखास्त आधीच लागलेली असेल तर ती नक्कल त्या कोर्टातही लावा आणि पैसे पोहोचल्याची पुरशिस बागायतदाराच्या सहीने तिथे द्या. तो टाळाटाळ करत असेल तर पैसे दिल्यापासून ३० दिवसांच्या आत नोंदीचा अर्ज तुम्ही स्वतः करा.