मऊसूत मॅश्ड पोटॅटोची तयारी: आदल्या दिवसापासून वाढेपर्यंत

सणासुदीला सगळं कुटुंब एकत्र जेवायला बसणार असेल, तर मॅश्ड पोटॅटो शेवटच्या अर्ध्या तासावर टाकू नका. सोपा पदार्थ म्हणून तो हमखास मागे ढकलला जातो आणि मग घाईघाईत एक तर पाणचट होतो, नाहीतर चिकट. बटर आणि क्रीम सढळ हाताने घातलं की झालं, असं बरेच जण धरून चालतात. मला ते पटत नाही. बटाट्यात पाणी किती कमी उरलं आणि आपण तो किती कमी घोटला, यावर त्याचा मऊपणा ठरतो. या दोन्ही गोष्टींना सवड लागते, म्हणून तयारी आदल्या दिवशीच सुरू करायची.

आधी माणसं मोजा. जेवणात इतर पदार्थ भरपूर असतील तर माणशी 200 ग्रॅम कच्चा बटाटा पुरतो. आवडीने दुसऱ्यांदा वाढून घेणारी मंडळी असतील तर 250 ग्रॅम धरा. म्हणजे दहा जणांना दोन ते अडीच किलो.

बटाटा निवडताना मात्र घाई नको, कारण इथे चुकलेलं पुढे कशानेच सावरत नाही. हवा तो पिठूळ बटाटा. पातळ सालीचे, नवे, मेणचट बटाटे शिजल्यावरही आकार सोडत नाहीत. ते सॅलडला उत्तम, पण मॅश करायला घेतले की जोर लावावा लागतो आणि जोर लावला की चिकटपणा आलाच. रसेट ही जात पुरती पिठूळ, तर कॅनडात तयार झालेली आणि 1980 साली बाजारात आलेली युकॉन गोल्ड मधली, पिवळसर आणि चवीला बटरच्या जवळ जाणारी. जात कळत नसेल तर 11 वाट्या पाण्यात 1 वाटी मीठ विरघळवा आणि त्यात बटाटा सोडा. पिठूळ असेल तर बुडतो, मेणचट तरंगतो. हिरवट पडलेले आणि मोड आलेले बाजूला काढा. आणलेले बटाटे फ्रिजमध्ये ठेवू नका. थंडीत त्यांच्यातल्या स्टार्चची साखर होऊ लागते आणि चव गोडसर होते. अंधाऱ्या, हवेशीर, कोरड्या जागी ठेवा.

भांडी आदल्या दिवशीच काढून ठेवावीत. मोठं पातेलं, चाळणी, सोलाणं, दुधासाठी लहान पातेलं आणि मॅशर. पुरणयंत्र असेल तर फारच छान, कारण त्यातून बटाटा एकदाच दाबला जातो आणि गुठळी राहत नाही. मिक्सर आणि फूड प्रोसेसर कपाटातच राहू द्या. त्यांची पाती बटाट्याच्या पेशी फोडतात, आतला फुगलेला स्टार्च बाहेर सांडतो आणि बघता बघता भांड्यात खळ तयार होते. मग कितीही दूध घाला, ती सुटत नाही.

रात्री बटाटे सोलून साधारण तीन सेंटीमीटरच्या सारख्या फोडी करा आणि थंड पाण्यात पूर्ण बुडवून, झाकून फ्रिजमध्ये ठेवा. पाण्यात असल्या की काळ्या पडत नाहीत. (न कापलेला बटाटा फ्रिजमध्ये नको म्हटलं ते दिवसेंदिवस साठवण्याबद्दल, एका रात्रीने काही बिघडत नाही.) सकाळी ते पाणी फेकून द्या आणि धुतलेलं पाणी नितळ येईपर्यंत फोडी धुवा. कापताना सुटलेला स्टार्च इथेच निघून जातो. बटरही बाहेर काढून ठेवा.

शिजवायला घ्यायचं ते गार पाण्यातच. उकळत्या पाण्यात टाकलेली फोड बाहेरून फुटते तेव्हा आतून कच्चीच असते. लिटरला 10 ग्रॅम मीठ घाला. नंतर वरून घातलेलं मीठ आतपर्यंत तसं मुरत नाही. उकळी आली की आच कमी करून 15 ते 20 मिनिटं. सुरी टोचून वर उचलली की फोड आपसूक घसरून पडली पाहिजे. अडखळली तर अजून थोडा वेळ द्या.

हाताशी तासभर जास्तीचा असेल तर एक पायरी आधी घाला. फोडी 70 अंश सेल्सियसच्या आसपासच्या पाण्यात अर्धा तास ठेवा, नंतर अर्धा तास गार पाण्यात, आणि मग नेहमीसारख्या उकडा. पहिल्या उष्णतेने स्टार्च फुगतो, गारव्याने आतल्या आत बसतो आणि पुढे मॅश करताना कमी सुटतो. घरात थर्मामीटर असेल तर हा खटाटोप जरूर करावा.

यानंतरची तीन मिनिटं मला सगळ्यात महत्त्वाची वाटतात. फोडी चाळणीत निथळून रिकाम्या गरम पातेल्यात परत टाका आणि अगदी मंद आचेवर पातेलं हलवत राहा. आधी भसाभसा वाफ येते, मग ती विरळ होते, फोडींच्या कडा पांढऱ्या, भुसभुशीत दिसू लागतात आणि पातेल्याच्या तळाला पिठासारखा पातळ थर धरतो. तेव्हा थांबा. जेवढं पाणी इथे उडालं, तेवढी जागा दुधाला आणि बटरला मिळाली.

तोवर दुसऱ्या शेगडीवर दूध आणि क्रीम गरम व्हायला हवं. लसूण आवडत असेल तर दोन पाकळ्या ठेचून त्यातच टाका आणि नंतर गाळून घ्या. दोन किलो बटाट्याला 250 ते 300 ग्रॅम बटर आणि दूध-क्रीम मिळून 400 मिलिलिटर हे प्रमाण घरच्या जेवणाला शोभतं. फ्रेंच शेफ जोएल रोबुशाँ यांच्या गाजलेल्या प्युरेत किलोला 250 ग्रॅम बटर असतं, पण ती चमचाभर वाढायची गोष्ट आहे. बटाटा गरम असतानाच दाबा, आधी बटर मिसळा आणि मग दूध थोडंथोडं. बटर स्टार्चला आधी वेढून घेतं, त्यामुळे नंतरचं दूध त्याला चिकट करू शकत नाही. मिसळून एकजीव झालं की हात आवरा. मीठ आणि पांढरी मिरी शेवटी, चाखून. बटर खारं असेल तर आणखी जपून.

पंगतीला उशीर होणारच, हे गृहीत धरा. उकळत्या पाण्याच्या पातेल्यावर हे भांडं बसवा, वरून दोन चमचे गरम दूध पसरा, झाकण ठेवा आणि आच मंद करा. दीडेक तास ते छान राहतं. मधूनमधून खालच्या पाण्याकडे लक्ष असू द्या. वाढताना एकदाच हलक्या हाताने ढवळा. घट्ट वाटलं तर थोडं गरम दूध घाला.

उरलं तर दोन तासांच्या आत पसरट डब्यात भरून फ्रिजमध्ये टाका आणि तीन दिवसांत संपवा. गरम करताना थोडं दूध घालून, मंद आचेवर, झाकण ठेवून.