पटकथाही आपली, दिग्दर्शनही आपलं : पुण्यातून सुरुवात करणाऱ्यांसाठी

लिहिणं आणि दिग्दर्शन दोन्ही शिकायला पुण्यासारखं गाव नाही. प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० पासून फिल्म इन्स्टिट्यूट आहे, आणि लॉ कॉलेज रोडवरच राष्ट्रीय फिल्म संग्रहालय. इन्स्टिट्यूटमध्ये प्रवेश मिळो न मिळो, संग्रहालयातले खेळ आणि 'पिफ' म्हणजे पुणे आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव चुकवू नका.

इथल्या मुलांची पहिली पटकथा बहुतेकदा 'पुरुषोत्तम' या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेतल्या एकांकिकेसारखी होते : एक खोली, चार माणसं, सगळं बोलून सांगितलेलं. संवाद खरंच चांगले असतात, म्हणूनच चूक दिसत नाही. त्यामुळे पहिला खर्डा संवादांशिवाय लिहा. प्रत्येक प्रसंगाला एकच ओळ : कोणाला काय हवंय, अडतंय कुठे, शेवटी काय बदललं. दोन तासांच्या चित्रपटाला अशा साधारण ६० ते ८० ओळी होतात. काहीच बदलत नसेल, तर संवाद कितीही आवडते असोत, तो प्रसंग काढा. 'एक पान म्हणजे एक मिनिट' हा हिशेब इंग्रजी मांडणीचा. देवनागरीत दोन रकान्यांत, एकीकडे दृश्य आणि एकीकडे संवाद असं लिहिलं की तो चुकतो. घड्याळ लावून मोठ्याने वाचा आणि मूक कृतींना वेगळा वेळ धरा.

मग तीच संहिता दिग्दर्शक म्हणून हातात घ्या. दिवस-रात्र, आत-बाहेर, पात्रं, वस्तू असा तक्ता करा. एका दिवसात दोनदा जागा बदलली, की सामान हलवण्यात आणि लाइट लावण्यात निम्मी शिफ्ट जाते. पेठेतला वाडा कॅमेऱ्यात देखणा दिसतो, पण गल्लीतल्या दुचाकींमुळे थेट ध्वनी हाती लागत नाही. रेकी, म्हणजे जागेची आधीची पाहणी, दिवसाच्या ज्या वेळी शूटिंग करणार त्याच वेळेला करा. सार्वजनिक जागेसाठी महापालिका आणि पोलीस, दोन्हीकडची परवानगी लागते.

अष्टपैलू व्हायचं तर विषय आधी माणसांत जाऊन शोधावा लागतो. लेखिका-दिग्दर्शिका सुमित्रा भावे सामाजिक संशोधनातून सिनेमाकडे आल्या. सहदिग्दर्शक सुनील सुकथनकरांबरोबर 'दोघी'पासून सुवर्णकमळ मिळवणाऱ्या 'कासव'पर्यंतचं त्यांचं काम पुण्यात राहूनच झालं. आमच्या मते याहून चांगला अभ्यासक्रम नाही.

नॅरेशनला, म्हणजे निर्मात्याला गोष्ट ऐकवायला, जाण्याआधी संहिता मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवा. नुसत्या कल्पनेला कॉपीराइट नसतो, लिहिलेल्या मांडणीला असतो. करारात कथा, पटकथा, संवाद आणि दिग्दर्शन यांचं श्रेय वेगवेगळं लिहून घ्या. मानधनाचे हप्ते सही, पहिला खर्डा आणि अंतिम खर्डा यांना बांधा. शेवटचा हप्ता प्रदर्शनावर ठेवायला सांगतील. तिथे मान डोलावू नका, कारण चित्रपट अडकला तर तुमचे पैसेही अडकतात.