मादागास्करवरील जुने मूक माहितीपट कसे पाहावेत

मादागास्कर १८९६ साली फ्रान्सची वसाहत झाले. त्यानंतरच्या दशकांत तिथली खेडी, बाजार आणि भातखाचरे फ्रेंच कॅमेऱ्यांनी टिपली, आणि चित्रांमधल्या मजकूरपाट्याही फ्रेंचांनीच लिहिल्या. म्हणून पहिल्या वेळी पाट्या न वाचता केवळ चित्र पाहावे.

त्याआधी गती तपासावी. मूकपट साधारणपणे सेकंदाला १६ ते १८ चौकटींनी चित्रित होत. तीच फीत २४ चौकटींनी चालवली की माणसे बाहुल्यांसारखी धावू लागतात आणि त्यांच्या कष्टांची चेष्टा होते. चालणाऱ्या माणसाचे पाऊल अस्वाभाविक वाटले, तर गती पाऊणपट करावी. रंगांबाबतही सावध राहावे, कारण त्या काळच्या बऱ्याच फितींना लाल रंग जवळपास दिसतच नसे. मध्य पठाराची तांबडी माती आणि मातीची घरे त्यामुळे काळवंडतात, तर निळे आकाश पांढरे पडते. हा उदासपणा फितीचा आहे, भूमीचा नाही.

शेतीची दृश्ये मात्र पुन्हा पुन्हा पाहावीत. पाणी भरलेल्या खाचरात वशिंडाच्या बैलांचा कळप गोल गोल पिटाळून चिखलणी केली जाते. नांगराविना, केवळ खुरांनी. भाताच्या मुलखात वाढलेल्या मराठी प्रेक्षकाला त्यातले कसब पाटीवाचूनही कळेल.

फिलान्झाना, म्हणजे चौघांनी वाहायची खुर्ची, दिसली की खुर्चीतल्या साहेबाकडे न पाहता भोयांच्या खांद्यांकडे पाहावे. न थांबता ते खांदेपालट कसे करतात, हे पाहण्यासारखे आहे. रस्त्याच्या कामाचे दृश्य १९२६ नंतरच्या दशकातले असेल, तर लष्करात न घेतलेल्या तरुणांना तेव्हा सक्तीने सार्वजनिक कामांवर राबवले जात होते, हे ध्यानात ठेवावे.

दुसऱ्या वेळी पाट्या वाचाव्यात आणि प्रत्येक दृश्याची स्वतःची नोंद करावी. पाट्यांवरचे तामाताव्ह म्हणजे आजचे तोआमासिना बंदर, तानानारीव म्हणजे आजची राजधानी अंतानानारिवो. या राजधानीत आगगाडी दिसली, तर चित्रण १९०९ च्या आधीचे नाही. टेकडीवरचा राजवाडा दिसल्यास फीत थांबवून तो निरखावा, कारण १९९५ च्या आगीत त्याच्या केवळ दगडी भिंती उरल्या. पूर्वजांच्या अस्थी नव्या वस्त्रात गुंडाळण्याचा फामादिहाना हा विधी दिसला, तर नोंदीत त्याचे हेच नाव लिहावे आणि ते वस्त्र कोणाकोणाच्या हातांतून जाते, तेही टिपावे.