कैरीचं गोड लोणचं: गूळ कोल्हापूरचा, बाटली हवाबंद

दोन वर्षांपूर्वी आषाढात गोड लोणच्याची बरणी उघडली आणि फस्स आवाज आला. वर फेस, आत आंबूस वास. चूक माझीच: पाक पातळ राहिला होता आणि भरवसा टाकला होता फडक्याने बांधलेल्या चिनी मातीच्या बरणीवर. तिखट लोणच्याला वरचं तेल सांभाळतं. गुळाच्या लोणच्याला ते कवच नसतं. म्हणून आता मी बाटल्या हवाबंद करते.

साहित्य: सोललेल्या कैरीच्या फोडी १ किलो, गूळ ७५० ग्रॅम, मीठ ६० ग्रॅम, हळद १ चमचा, लाल तिखट २ मोठे चमचे, मोहरीची डाळ २ मोठे चमचे, कोरडी भाजून कुटलेली मेथी १ चमचा, थोडा हिंग, चार-पाच लवंगा. शिवाय दोन लिंबांचा रस.

कैरी कडक आणि करकरीत आंबटच हवी. पाडाला आलेली नको. हा आंबटपणा चवीपुरता नाही. बंद बाटलीत घातक जंतू वाढू नयेत म्हणून सामू (पीएच; पदार्थ जितका आंबट तितका हा आकडा कमी) ४.६ च्या खाली असावा लागतो, आणि ते काम कैरी करते. लिंबू जोडीला.

गुळाबद्दल थोडं. कोल्हापुरी गुळाला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळालं खरं, पण मानांकनाने ढेपेतली वाळू आणि चिपाडाचे तुकडे जात नाहीत. दुकानात पिवळ्याधमक ढेपेला भुलू नका, तांबूस गूळ घ्या. चिक्कीचा गूळ तर नकोच, गार झाला की पाक दगड होतो.

रात्री फोडींना मीठ-हळद चोळून झाकून ठेवा. सकाळी सुटलेला खार निथळून घ्या, फेकू मात्र नका. त्याच खारात चिरलेला गूळ मंद आचेवर विरघळवा आणि गाळून घ्या. वेगळं पाणी एक थेंबही घालायचं नाही. गाळलेला पाक एकतारी होईपर्यंत उकळा. मग फोडी, लिंबाचा रस आणि सगळा मसाला घाला. पुन्हा चांगली उकळी आली की तीन-चार मिनिटांनी गॅस बंद. तेलाची फोडणी इथे घालू नका. तेल बाटलीच्या काठाला लागलं की झाकण धरत नाही. फोडणी हवीच असेल तर वाढताना वाटीत द्या.

अर्ध्या लिटरच्या तीन काचेच्या बाटल्या धुऊन गरम पाण्यात ठेवलेल्या असाव्यात. झाकणं पत्र्याची, आतून रबरी अस्तराची, आणि दरवेळी नवी. लोणचं कढत असतानाच भरा, वर अर्धा इंच जागा सोडा. स्वच्छ काडी फिरवून अडकलेली हवा काढा, काठ ओल्या फडक्याने पुसा, झाकण बोटांच्या जोरानेच लावा.

मोठ्या पातेल्याच्या तळाशी जुना पंचा घाला, त्यावर बाटल्या उभ्या ठेवा. झाकणावर इंचभर येईल इतकं गरम पाणी घाला. खळखळून उकळी आल्यावरच वेळ मोजायचा. पुस्तकात १० मिनिटं दिसतील, पण ती समुद्रकाठासाठी. कोल्हापूर साडेपाचशे मीटरच्या आसपास उंचीवर आहे. इथे पाणी १०० अंशांच्या थोडं आधीच उकळतं, त्यामुळे १५ मिनिटं द्या. रत्नागिरीच्या नणंदेला हीच कृती सांगाल तेव्हा १० सांगा.

बाटल्या काढून फडक्यावर ठेवा, पंखा बंद. गार होताना झाकण टक् करून आत बसतं. तो आवाज ऐकायला आमच्याकडे पोरं ओट्याशी थांबतात. एक दिवस हात लावू नका, झाकणही पुन्हा आवळू नका. दुसऱ्या दिवशी मधोमध दाबून पाहा. लवचलं तर ती बाटली फ्रिजमध्ये ठेवून आधी संपवा. बाकीच्या अंधाऱ्या फडताळात, तारीख लिहून. पुढे कधी झाकण फुगलेलं दिसलं किंवा फेस आला, तर चाखूनही बघायचं नाही, टाकून द्यायचं.

तीन आठवडे मुरू द्या. उघडल्यावर मात्र फ्रिज आणि कोरडा चमचा.