फँटसी जगाचं पंचांग बसवायचं कसं

आम्ही पाच-सहा जण शनिवारी रात्री सांगलीत विश्रामबागला एकाच्या गच्चीवर फँटसी गेम खेळतो, म्हणजे एकानं काल्पनिक जग रचायचं आणि बाकीच्यांनी त्यातली पात्रं होऊन गोष्ट पुढं न्यायची. जग बनवायचं काम माझ्याकडं. पहिल्यांदा कॅलेंडर बनवलं तेव्हा सरळ बारा महिने घेतले, भारदस्त संस्कृत नावं ठेवली आणि खूश झालो. तिसऱ्या शनिवारी एकालाही एक नाव आठवंना. वरनं एकानं पकडलं, "आठ दिवसांपूर्वीच पौर्णिमा झाली की रे, परत आज कशी?" लय पचका झाला.

आमच्यातला एक तासगावकडचा, घरी द्राक्षबाग. तो म्हणाला तुझी माणसं वर्षभर करतात काय ते सांग आधी. त्याच्या घरी सगळा हिशोब छाटणीवर, एप्रिलमध्ये खरड छाटणी, ऑक्टोबरच्या आसपास फळछाटणी, मग छाटणीपासून आज कितवा दिवस त्यावर औषध, त्यावर मजूर. तारीख नंतर.

तर सुरुवात इथनं करा. तुमच्या जगातली लोकं कशाची वाट बघतात ते चार-पाच ओळीत लिहा आणि त्यावरनं काळाचे तुकडे पाडा. आपली पावसाची नक्षत्रं बघा ना, सूर्य एका नक्षत्रात साधारण साडेतेरा दिवस, पुनर्वसूचा तो तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा, शाळेत न शिकवता पण लक्षात राहतं. नावं अशी पाहिजेत. वर्ष पण चैत्रात नायतर जानेवारीतच लागलं पाहिजे असं काय नाही, मराठेशाहीच्या कागदात शुहूर सन असायचा तो मृग लागला की बदलायचा, म्हणून त्याला मृगसाल म्हणत, आणि वर्षाचा आकडा अरबी शब्दांत लिहायचे. असलं काहीतरी तुमच्या जगातल्या कारकुनाला द्या, मजा येते.

आता गणित, आणि हे टाळू नका, माझा पचका इथंच झालेला. आपल्याकडं चंद्राचे बारा महिने म्हणजे ३५४ दिवस, वर्ष ३६५ चं, दरवर्षी ११ दिवस कमी पडतात, म्हणून साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक महिना घालायला लागतो, २०२३ ला नाही का दोन श्रावण आले. तुमच्या जगात आकडे तुमच्या हातात आहेत तर सोपे घ्या. मी वर्ष ३४० दिवसांचं केलं, चंद्र २८ दिवसांचा. बारा महिन्यांचे ३३६ झाले, चार दिवस उरले, सात वर्षांनी ते २८ होतात, म्हणजे दर सातव्या वर्षी एक अधिक महिना बरोबर बसला. त्या महिन्यात लग्नं नाहीत, कर्जाला व्याज नाही, असं मी ठरवलं आणि सावकार लोकं तो महिना जाहीरच होऊ नये म्हणून जोशाला पैसे चारायला लागली, आख्खी गोष्ट फुकटात मिळाली.

दुसरा चंद्र पाहिजेच असेल तर (सगळ्यांना पाहिजे असतो) त्याचे ४० दिवस धरा. दोन्ही पौर्णिमा एकत्र दर २८० दिवसांनी येतात आणि वर्षातल्या त्याच दिवशी परत यायला १४ वर्षं लागतात. तिसरा चंद्र घेऊ नका, मी घेतलेला, एक्सेल शीट बघून डोकं धरून बसलो.

मग थोडा घोळ मुद्दाम ठेवा. आपला महिना अमावस्येला संपतो, उत्तरेत पौर्णिमेला, म्हणून त्यांचा श्रावण आपल्या आधी पंधरा दिवस लागतो. माझ्या दोन राज्यांत हेच केलं, महिन्याचं नाव एकच पण सुरुवात वेगळी, तहाला आमची मंडळी पंधरा दिवस उशिरा पोचली. भांडण झालं, पण गेममध्ये.

वर्षांचे मोठे आकडे बोलण्यात वापरू नका. सांगलीत कोण इसवी सन सांगत बसत नाही, २००५ चा पूर आणि २०१९ चा पूर, आयर्विन पुलाजवळ कृष्णा ५७ फुटांच्या वर गेलेली तो, त्याच्या आधीचं घर की नंतरचं एवढंच. तुमच्या जगाला पण असा एखादा पूर द्या.

शेवटी एका महिन्याचं पान कागदावर खरंच काढा. आमच्या घरात कालनिर्णयवर दूध आलं नाही त्या दिवशी फुली असते, सिलेंडर कधी लावला ते कोपऱ्यात, मधेच कुणाचा तरी अर्धा फोन नंबर. मी तसंच एका खाणावळवालीचं पान केलं, चहाचं पाणी लावून पिवळं केलं, चारा उधार, जावई येणार असलं काय काय खरडलं, आणि दुसऱ्या चंद्राच्या पौर्णिमेला गोल करून लिहिलं, "मागचं दार लावणे". पोरांनी पान हातात घेतलं आणि पहिला प्रश्न आला, मागचं दार का? मलाच माहीत नव्हतं, पण पुढचे चार शनिवार त्या दारावरच गेले.