सर्कशीतील कलावंताचे आयुष्य नोंदवताना

विष्णुपंत छत्रे यांनी १८८० मध्ये ‘ग्रेट इंडियन सर्कस’ सुरू केली तेव्हापासून मालकांची आणि रिंगमास्तरांची नावे बरीच टिकली, पण झोक्यावर कसरती करणाऱ्या मुलींची आणि त्यांच्याखाली जाळी ताणणाऱ्यांची फारशी उरली नाहीत. म्हणून गावाबाहेरच्या मैदानावर तंबू उभा राहिला की निदान एका कलावंताची हकीकत त्याच्याच शब्दांत लिहून घ्यावी.

पहिल्या दिवशी केवळ तिकीट काढून खेळ पाहावा. नंतर व्यवस्थापकांची परवानगी घ्यावी आणि भेटीची वेळ मात्र कलावंतालाच ठरवू द्यावी. खेळाच्या आधीच्या तासाभरात कोणालाही प्रश्नांत गुंतवू नये, कारण झोका सोडण्याच्या क्षणी मन दुसरीकडे असणे जिवावर बेतू शकते.

अपघाताचा प्रश्न आरंभी विचारू नये. तो सगळेच विचारतात. मुक्काम हलताना सामान कोण बांधते, नव्या गावी सर्वांत आधी काय उभे राहते, मुले कोठे शिकतात, गावी पैसे कसे पाठवले जातात, हे विचारावे. मला स्वतःला पत्त्याचा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण शिधापत्रिका, मतदान आणि मुलांचा शाळाप्रवेश यांसाठी कागदावर एक कायमचे ठिकाण लागते आणि या माणसांचे घर तर दर काही आठवड्यांनी दोऱ्या सोडून निघते. गुरूचे नावही आवर्जून विचारावे. केरळमधील थलश्शेरी येथे कीलेरी कुञ्ञिकण्णन यांनी घडवलेल्या शिष्यांपासून पुढे अनेक पिढ्या तयार झाल्या, आणि असा एखादा धागा बोलण्यातूनच हाती लागतो.

बालपणाविषयी मात्र जपून विचारावे. सर्कशीत मुलांना कामाला ठेवण्यास सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये मनाई केली. त्याआधी लहान वयात तंबूत आलेल्या व्यक्तीला ते दिवस आठवायचे नसतील, तर तिथेच थांबावे आणि ध्वनिमुद्रणही बंद करावे. कसरत सुटल्यावर ती व्यक्ती पोशाख शिवते, नवख्यांना शिकवते की गावी परतते, याची नोंद सविस्तर घ्यावी. हा भाग बहुतेक लिखाणातून निसटतो.

मुक्काम हलण्यापूर्वी संपूर्ण मजकूर कलावंताला समजणाऱ्या भाषेत वाचून दाखवावा, त्याने खोडलेले खोडावे, आणि प्रत पाठवण्यासाठी त्याच्या मूळ गावातील नातेवाइकाचा पत्ता घेऊन ठेवावा.