पुण्यात कमर्शियल प्रॉपर्टीच्या कंपनीत काम सुरू करताय?

पुण्यात बिल्डरच्या कंपनीत नोकरी लागली म्हटलं की समोरचा माणूस फ्लॅटच धरून चालतो. कमर्शियल डेव्हलपमेंट आणि इन्व्हेस्टमेंट करणाऱ्या स्थानिक कंपनीचं गणित वेगळं असतं. ती जमीन विकत घेते किंवा जमीनमालकाशी विकसन करार करते, ऑफिसची इमारत, दुकानं नाहीतर चाकण-तळेगावकडे गोदामं उभी करते आणि त्यातला बराच भाग न विकता भाड्याने देऊन स्वतःकडे ठेवते. म्हणजे इमारत बांधून झाली की पुढची पंधरा-वीस वर्षं ती भरलेली ठेवायची. मी जमिनीच्या फायलींपासून सुरुवात केली आणि आता भाडेकरू व इमारती सांभाळण्याचं काम बघतो. नव्याने येणाऱ्यांना माझं कळकळीचं सांगणं आहे की सुरुवातीची वर्षं कागद वाचण्यात घाला. प्रेझेंटेशन आणि एक्सेल कुणीही शिकवेल, कागद वाचायची सवय स्वतःलाच लावावी लागते.

सातबाऱ्यापासून सुरू करा. नवीन माणूस मालकाचं नाव आणि क्षेत्र बघतो आणि उतारा बाजूला ठेवतो. नजर जायला हवी ती भूधारणा पद्धतीवर आणि ‘इतर अधिकार’ या रकान्यावर. भोगवटादार वर्ग 2 लिहिलं असेल तर सरकारी परवानगीशिवाय त्या जमिनीचं हस्तांतरण करता येत नाही. इतर अधिकारात कुळाचं नाव असतं, सोसायटीचा किंवा बँकेचा बोजा असतो, कधी बहिणींचा हक्क, कधी कोर्टातल्या दाव्याची नोंद. उताऱ्यावर फेरफारांचे, म्हणजे मालकी आणि हक्क बदलल्याच्या नोंदींचे, नंबर असतात. ते एकेक काढून मागे मागे जा आणि घराण्याची वंशावळ स्वतःच्या हाताने कागदावर मांडा. वकिलांचा मालकी तपासणारा तीस वर्षांचा सर्च रिपोर्ट येतोच, पण करारावर नेमक्या किती जणांच्या सह्या लागणार, त्यातले कोण परगावी आहेत आणि कुणाचं कुणाशी पटत नाही, हे ज्याने वंशावळ मांडली त्यालाच आधी कळतं. गावात तलाठी भाऊसाहेबांकडे जाताना हा कागद सोबत असला की बोलणं नीट होतं.

जमिनीवर परवानगी कोण देणार हेही पुण्यात गृहीत धरता येत नाही. बाणेर-बालेवाडी पुणे महापालिकेत, मुळा ओलांडली की वाकड पिंपरी-चिंचवड महापालिकेत, पुढे हिंजवडीचा आयटी पार्क एमआयडीसीचा आणि आजूबाजूच्या गावांतल्या जमिनींसाठी पीएमआरडीए, म्हणजे पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरण. एकाच रस्त्याने गाडी चालवता चालवता नकाशा मंजूर करणारं ऑफिस तीनदा बदलतं. डिसेंबर 2020 मध्ये आलेल्या एकत्रित विकास नियंत्रण नियमावलीमुळे दोन्ही महापालिका आणि पीएमआरडीए यांचे नियम बरेचसे एका पुस्तकात आले, पण एमआयडीसीची नियमावली आजही वेगळी आहे. त्यामुळे एफएसआयचा, म्हणजे जमिनीवर किती बांधकाम करता येईल याचा, हिशेब मांडण्याआधी झोन दाखला, म्हणजे जमीन कुठल्या वापराच्या झोनमध्ये आहे याचा कागद, मागवा.

महारेराबद्दल, म्हणजे रिअल इस्टेटवर नियंत्रण ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाबद्दल, मुलाखतीत हमखास विचारतात. त्यामागचा रेरा कायदा 2016 चा, पूर्ण अंमल 1 मे 2017 पासून. दुकानं आणि ऑफिसंही त्यात येतात, पण कायदा विक्रीपुरता आहे. पूर्ण इमारत भाड्यानेच द्यायची असेल तर ती त्याच्या कक्षेत येत नाही. तिथे तपासणी भाडेकरू करतो. मोठ्या कंपनीचा वकील पहिल्याच ईमेलमध्ये भोगवटा प्रमाणपत्र, फायर एनओसी आणि मालकी हक्काचे कागद मागतो. हे फोल्डर कायम तयार ठेवणं नव्या माणसाकडे येतं. ते काम मनापासून करा, कारण त्या निमित्ताने अख्ख्या इमारतीचा इतिहास वाचून होतो.

आता भाडं. या कंपन्यांचा जीव इथे आहे. समजा एक मजला 10,000 चौरस फुटांचा आहे आणि दर महिन्याला चौरस फुटामागे 80 रुपये. महिन्याला 8 लाख, वर्षाला 96 लाख. हे 10,000 म्हणजे चार्जेबल एरिया, ज्यावर भाडं आकारतात ते क्षेत्र. लॉबी, जिने, लिफ्ट यांचा वाटा काढला तर आतला कार्पेट 7,000 भरतो, म्हणजे भाडेकरूला प्रत्यक्ष वापरायच्या जागेला 114 रुपये पडतात. शेजारची इमारत 84 रुपये सांगत असेल आणि तिथे तेवढ्याच 10,000 मध्ये कार्पेट 7,800 मिळत असेल, तर दर जास्त असूनही भाडेकरूला ती स्वस्त पडते. दोन इमारतींची तुलना नेहमी कार्पेटवर करा.

त्याच 96 लाखांतून मालमत्ता कर, विमा आणि मालकाकडे राहणारी दुरुस्ती असे 6 लाख गेले तर हातात 90 राहतात. गुंतवणूकदाराला वर्षाला 8 टक्के हवे असतील तर तो या मजल्याचे सव्वाअकरा कोटी देईल, 9 टक्के हवे असतील तर 10 कोटी. आणि त्या 6 लाखांच्या खर्चाने 8 टक्क्यांच्या हिशेबात किंमत 75 लाखांनी खाली आणली. म्हणून करारातलं ‘मालमत्ता कर कुणी भरायचा’ हे एक वाक्य इतकं महाग असतं.

करार वाचताना लॉक-इनवर, म्हणजे भाडेकरूला जागा सोडता येत नाही त्या मुदतीवर, थांबा. ऑफिसांचे करार अनेकदा पाच वर्षांचे लीव्ह अँड लायसन्स असतात आणि लॉक-इन त्याहून कमी, बहुतेक वेळा तीन. लॉक-इन संपायला आठ महिने उरले असतील तर समोर दिसणाऱ्या 96 लाखांतले आठ महिन्यांचेच पक्के. जागा रिकामी झाली की भाडं तर जातंच, शिवाय मेंटेनन्स मालकाच्या अंगावर येतो, ब्रोकरेज द्यावं लागतं आणि नवा भाडेकरू फिट-आउटसाठी, म्हणजे आतली सजावट-जोडणी करायला, दोन-तीन महिने बिनभाड्याचे मागतो. भाडेवाढ दर वर्षी 5 टक्के आहे की तीन वर्षांनी 15, डिपॉझिट किती महिन्यांचं, नोटीस किती, हे सगळं एका तक्त्यात मांडा. करार नोंदवलेला आहे का तेही बघा. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा 1999 च्या कलम 55 प्रमाणे ती जबाबदारी मालकाची आहे.

कागद वाचून झाले की इमारतीत जाऊन उभे राहा. खराडीत सकाळी साडेनऊला लिफ्टपुढे किती रांग लागते, जेवणाच्या सुट्टीत बेसमेंटमधल्या गाड्या कुठपर्यंत येतात, जनरेटर किती वेळात लोड घेतो. भाडेकरूच्या ॲडमिनच्या माणसाला तक्रारी विचारा आणि लिहून घ्या. कराराचं नूतनीकरण होणार की नाही, याचा पहिला अंदाज तुम्हाला तिथेच येतो.

शिक्षणाचं म्हणाल तर सिव्हिल, वकिली, कॉमर्स, एमबीए अशी सगळ्या वाटांनी माणसं येतात. बालेवाडीच्या निकमारसारख्या संस्थेतून बांधकाम व्यवस्थापनाची बाजू पक्की होते. वकिलीवाल्यांना जमिनीत आणि करारात लवकर जबाबदारी मिळते. मराठी नीट वाचता-बोलता येणं ही या शहरात मोठी जमेची बाजू आहे, कारण जुने फेरफार मराठीत आहेत, आणि काही हस्तलिखित कागद मोडीत.

रीट्सची, म्हणजे भाड्याच्या इमारती मालकीत ठेवणाऱ्या आणि ज्यांचे युनिट शेअर बाजारात विकत घेता येतात अशा ट्रस्टची, माहितीही ठेवा. एम्बसीचं रीट एप्रिल 2019 मध्ये लिस्ट झालं, देशातलं पहिलं. माइंडस्पेसचं 2020 मध्ये आलं. दोघांच्याही इमारती पुण्यात आहेत. त्यांचे तिमाही अहवाल मोफत वाचायला मिळतात आणि त्यात भाडं, रिकामी जागा, संपणारे करार सगळं मांडलेलं असतं. स्थानिक कंपनीचं काम समजायला यापेक्षा चांगला मोफत अभ्यास मला माहीत नाही. शेतकऱ्यांनी जमिनी न विकता एकत्र करून कंपनी काढली तो मगरपट्ट्याचा प्रयोगही मुळातून समजून घ्या. जमीनमालकांशी बोलताना त्याचा विषय निघतोच.

मुलाखतीत तुम्हीही विचारा. कंपनीच्या स्वतःच्या मालकीची किती जागा भाड्यावर आहे, येणाऱ्या भाड्याच्या आधारावर उचललेलं कर्ज किती, पुढच्या दोन वर्षांत कुठल्या भाडेकरूंचं लॉक-इन संपतंय. सगळे आकडे सांगणार नाहीत, ते समजण्यासारखं आहे. पण लॉक-इनचा तक्ता ठेवलेलाच नसेल, तर तिथे तुम्हाला शिकवायला कोण असेल याची आधी चौकशी करा.